टीव्हीवरचा विनोद लिहून घर चालते का?

प्रश्न विचारणारे गृहस्थ २७ वर्षांचे आहेत आणि पुण्यात एका विमा कंपनीत नोकरी करतात. महाविद्यालयात असताना त्यांनी तीन एकांकिका लिहिल्या, त्यांपैकी एकीला लेखनाचे पारितोषिक मिळाले, आणि तेव्हापासून मित्रमंडळी त्यांना ‘तू टीव्हीसाठी लिही’ असे सांगत आली आहेत. मराठी वाहिन्यांसाठी विनोदी लेखन करून घर चालवता येते का, त्या क्षेत्रात शिरायचे कसे, आणि त्यासाठी नोकरी सोडावी का, असे त्यांचे तीन प्रश्न आहेत. मी गेली १९ वर्षे हेच काम करतो आहे. आधी दैनंदिन मालिकांचे संवाद लिहिले, मग स्किटचे, म्हणजे छोट्या विनोदी प्रसंगांचे, कार्यक्रम केले, आणि अधूनमधून पुरस्कार सोहळ्यांच्या सूत्रसंचालनाची संहिताही लिहिली. त्यामुळे उत्तर लांबणार आहे, आणि तुम्ही न विचारलेल्या एका प्रश्नावर मी सर्वांत जास्त वेळ घालवणार आहे, तो म्हणजे हे काम प्रत्यक्षात असते कसे.

घर चालते. माझे चालले आहे, आणि माझ्या बरोबरीच्या पाच-सहा जणांचे माझ्यापेक्षा बरे चालले आहे. परंतु मित्र तुमच्या ज्या गुणाचे कौतुक करतात, त्या गुणावर ते चालत नाही. चारचौघांत पटकन काहीतरी बोलून हशा मिळवणारी माणसे लेखकांच्या खोलीत मी पुष्कळ येताना पाहिली आणि त्यांतली बरीचशी सहा महिन्यांत परत जातानाही पाहिली, कारण त्यांना आपले पहिले वाक्य सोडवत नसे. विनोद सुचणे ही इथे फक्त दारातून आत येण्याची पात्रता आहे. आत आल्यावर जे करावे लागते ते असे, की सुचलेला विनोद दुसऱ्याच्या तोंडासाठी, ठरलेल्या मिनिटांत बसवून, ठरलेल्या दिवशी, चौथ्यांदा लिहून द्यायचा, आणि पाचव्यांदा लिहायला सांगितले तर तोंड वाकडे करायचे नाही.

हे असे का झाले, ते समजण्यासाठी थोडे मागे जावे लागेल. मुंबई दूरदर्शन केंद्र २ ऑक्टोबर १९७२ रोजी सुरू झाले, आणि त्या दशकाच्या उत्तरार्धात चिं. वि. जोशी यांचे चिमणराव आणि गुंड्याभाऊ हे दिलीप प्रभावळकर आणि बाळ कर्वे यांच्या रूपाने घराघरांत पोहोचले. पुढे २००१ साली आलेल्या ‘श्रीयुत गंगाधर टिपरे’ या मालिकेमागेही प्रभावळकरांचेच ‘अनुदिनी’ हे पुस्तक होते. हिंदीतही हीच रीत दिसते: ‘ये जो है जिंदगी’ लिहिणारे शरद जोशी मुळात व्यंगलेखक होते, आणि ‘तारक मेहता का उल्टा चष्मा’ ही मालिका गुजराती ‘चित्रलेखा’तल्या सदरावरून आली. म्हणजे पडद्यावरचा विनोद आधी कागदावर वाढत असे, वाचक त्या माणसांना अनेक वर्षे ओळखत असत, आणि मालिकेच्या लेखकाला तयार माणसे हाती मिळत. २०१० मध्ये ‘फू बाई फू’, २०१४ मध्ये ‘चला हवा येऊ द्या’ आणि २०१८ मध्ये ‘महाराष्ट्राची हास्यजत्रा’ सुरू झाल्यावर मागणीचे स्वरूपच बदलले. आता दर आठवड्याला नवी माणसे, नवी परिस्थिती आणि नवा शेवट लागतो, आणि हा माल पुस्तकांतून नव्हे, तर एकांकिका स्पर्धांच्या विंगेतून येतो. तुमच्या पारितोषिकाचा उपयोग आहे तो या कारणाने. फक्त एकांकिकेला दोन-तीन महिन्यांची तालीम मिळते आणि स्किटला दोन दिवसांची, हा फरक मनात पक्का असू द्या.

आमचा आठवडा साधारण असा जातो. सोमवारी वाहिनीच्या क्रिएटिव्ह विभागातले लोक आणि आम्ही विषय ठरवतो, मंगळवारपर्यंत प्रत्येक स्किटची वनलाइन, म्हणजे एका ओळीतली कल्पना, मंजूर व्हायची असते, बुधवारी पहिला खर्डा आणि वाचन, गुरुवारी प्रेक्षकसंख्या मोजणाऱ्या ‘बार्क’ या संस्थेचे आकडे येतात, आणि ते पडलेले असले तर बुधवारी सगळ्यांना आवडलेली दोन स्किट्स गुरुवारी दुपारी कोणालाच आवडेनाशी होतात, शुक्रवारी तालीम आणि फेरलेखन, शनिवार-रविवार चित्रीकरण. अर्ध्या तासाच्या भागात जाहिराती वगळता २१-२२ मिनिटांचाच मजकूर लागतो. एवढीच मिनिटे असताना इतके हात कशाला लागतात, असा प्रश्न घरचे मला विचारतात. त्याचे उत्तर एक स्किट उघडून दाखवल्याशिवाय देता येणार नाही.

एकदा विषय आला ‘सोसायटीची मीटिंग’. हा विषय प्रत्येक कार्यक्रमात वर्षातून दोनदा येतोच, आणि दोन्ही वेळा ‘या वेळी काहीतरी वेगळं करू’ असे ठरते. वनलाइन एवढीच होती, की लिफ्ट सारखी बंद पडते आणि तळमजल्यावरचे काका दुरुस्तीची वर्गणी द्यायला तयार नाहीत. पहिल्या खर्ड्यात सेक्रेटरी म्हणत असे, ‘काका, लिफ्टची वर्गणी राहिलीय,’ आणि काका म्हणत, ‘मी तळमजल्यावर राहतो, लिफ्ट वापरत नाही, मग मी पैसे का द्यायचे?’ वाचनात कोणी हसले नाही, आणि ते बरोबरच होते, कारण हे वाक्य म्हणजे तक्रार अर्ज आहे. खऱ्या सोसायटीत लोक अगदी असेच बोलतात आणि तिथेही कोणी हसत नाही. दुसऱ्या खर्ड्यात मी काकांना चिडके केले. त्यांना ओरडायला लावले, खुर्ची आपटायला लावली, सेक्रेटरीच्या बायकोचा उल्लेख करायला लावला. आवाज चढला की विनोद होतो हा नवशिक्यांचा भ्रम असतो आणि दमलेल्या जुन्या लेखकांची सोय. त्या दिवशी मी दुसऱ्या गटात होतो.

तिसऱ्या खर्ड्यात भांडण बाजूला ठेवून मी काकांच्या डोक्यात हिशेब कसा चालतो तो शोधला. सेक्रेटरी वैतागून म्हणतो, ‘अहो काका, लिफ्ट तुमच्याच दारातून सुटते!’ काका थांबतात, चष्मा काढतात, सदऱ्याच्या टोकाने पुसतात आणि अगदी समजुतीच्या स्वरात विचारतात, ‘एसटीपण माझ्या दारातूनच सुटते. म्हणून काय सगळ्या गाडीचं तिकीट मी काढू?’ वाचनाच्या टेबलावर पहिला हशा इथे आला. काका आता भांडत नव्हते. त्यांच्या हिशेबाने ते बरोबर होते, आणि सेक्रेटरीकडे उत्तर नव्हते. टेबलावरचे बाकीचे लोकही क्षणभर उत्तर शोधत होते, आणि ते न सापडल्यामुळे हसले.

या एका वाक्यात तुमच्या उपयोगाच्या तीन गोष्टी आहेत. पहिली भाषेची. ते वाक्य आधी ‘म्हणून मी सगळ्या गाडीचं तिकीट काढू का?’ असे होते. मराठीत क्रियापद शेवटी येते, त्यामुळे ज्या शब्दावर हशा यायचा तो पुष्कळदा आधीच येऊन जातो आणि मागे ‘आहे’, ‘होते’, ‘का’ अशी शेपटी हलत राहते. नट ती शेपटी हशावर बोलतो आणि हशा मोडतो. ‘मी’ हा शब्द उचलून शेवटाजवळ नेला तेव्हा सगळा भार काकांच्या स्वार्थावर आला. तमाशातल्या बतावणीत सोंगाड्या वाक्याचा शेवट कसा तोडून टाकतो ते नीट ऐका. शेवटचे क्रियापद गिळण्याची ही कला आपल्याकडे दूरचित्रवाणीच्या कितीतरी आधीपासून आहे.

दुसरी गोष्ट नटाची. चष्मा पुसणे माझ्या कागदावर नव्हते. काकांची भूमिका करणारे नट सावकाश बोलणारे, आणि माझा दुसरा खर्डा नकळत भराभर बोलणाऱ्या दुसऱ्याच नटासाठी लिहिला गेला होता. स्किट लेखकाला ‘पात्र’ अशी मोकळी चीज कधीच मिळत नाही. मिळतो तो ठरावीक नट, त्याचा ठरावीक श्वास आणि त्याला न जमणारे काही उच्चार. मी आजही एका वहीत प्रत्येक नटाच्या नावाखाली त्याला कोणत्या लांबीचे वाक्य पेलते ते लिहून ठेवतो. समीर चौघुले, प्रसाद खांडेकर यांच्यासारखे लोक स्वतः लिहितात आणि स्वतः करतात, तेव्हा त्यांना ही वही लागत नाही, हा त्यांचा आपल्यावरचा मोठा फायदा आहे.

तिसरी गोष्ट ‘सुटते’ या साध्या शब्दाची. तालमीत सेक्रेटरी करणारा नट एकदा ‘लिफ्ट तुमच्या दारातच आहे ना!’ असे बोलून गेला, आणि काकांचे एसटीचे वाक्य जागच्या जागी मेले, कारण ‘सुटते’ या शब्दानेच लिफ्टची एसटी होते. मराठी रंगभूमीवर नटाने पदरचे वाक्य घालण्याला ‘ॲडिशन’ म्हणतात. चांगल्या नटाची ॲडिशन लेखकाने आनंदाने घ्यावी; माझ्या नावावर गाजलेली काही वाक्ये माझी नाहीत. परंतु पंचाच्या, म्हणजे हशा आणणाऱ्या वाक्याच्या, आधीचे, स्वतःला हशा नसलेले जे तयारीचे वाक्य असते, त्यावर कोणाला हात लावू देऊ नये. नटाला ते रिकामे वाटते, दिग्दर्शकाला लांब वाटते, संकलकाला ते कापायचे असते, आणि त्याची बाजू घेणारा त्या इमारतीत एकच माणूस असतो.

शेवट मात्र शुक्रवारी रात्रीपर्यंत पडतच होता. माझ्या कागदावर काकांचे मन विरघळत होते आणि ते पैसे देत होते. चौथ्या मजल्यावरच्या आजारी आजींचा उल्लेख, मागे हळवे संगीत, सगळे होते. माणूस सुधारला की प्रेक्षक टाळ्या वाजवतो पण हसत नाही, आणि आमचा कार्यक्रम टाळ्यांचा नव्हता. दहा वाजता मी चहा घेऊन सेटवर गेलो, तर कला विभागाचे लोक लिफ्ट उभी करत होते. लिफ्ट म्हणजे रंगवलेला एक फ्लॅट, म्हणजे सेटची खोटी भिंत, आणि त्याला दोन प्लायची सरकती दारे. मागे काहीच नाही, एक माणूस जेमतेम उभा राहील एवढी जागा. त्या फटीकडे बघताना शेवट सापडला. काका रोज दुपारी, सगळे झोपले की, लिफ्टने गच्चीवर पापड वाळत घालायला जात असतात, आणि मीटिंग संपता संपता लिफ्ट मध्येच अडकते. सेक्रेटरी बंद दाराशी कान लावून विचारतो, ‘आत कोण आहे?’ आतून आवाज येतो, ‘कोणी नाही.’ ‘काका? तुम्ही? कितव्या मजल्यावर आहात?’ ‘तळमजल्यावर. मी कायम तळमजल्यावरच असतो.’ दार वीतभर सरकते, आधी पापडांची परात बाहेर येते, मग काकांचा हात, आणि मग ते रडवेल्या आवाजात ओरडतात, ‘सगळ्या गाडीचं तिकीट काढतो, पण गाडी हलवा!’

यात नवा सेट लागला नाही, नवा नट लागला नाही, एक परात आणि पावशेर पापड लागले, आणि कार्यकारी निर्माता त्या महिन्यात पहिल्यांदा माझ्याकडे बघून हसला. हे मी गमतीने लिहीत नाही. ज्याला चार नट, एक सेट आणि उद्याची तारीख या चौकटीत शेवट सापडतो त्याला पुढचे काम मिळते, आणि ज्याचा विनोद फार सुंदर असून त्यासाठी पाऊस आणि दोन म्हशी लागतात त्याला मिळत नाही.

आता शिरायचे कसे. वाहिन्यांना ईमेलने ‘कन्सेप्ट’ पाठवण्यात वेळ घालवू नका. माझ्या पाहण्यात त्यातून काम मिळालेला लेखक नाही. पुण्यात १९६३ पासून पुरुषोत्तम करंडक ही एकांकिका स्पर्धा होते, मुंबईत चतुरंग प्रतिष्ठानची ‘सवाई’ एकांकिका स्पर्धा प्रजासत्ताक दिनाच्या आदल्या रात्री सुरू होऊन सकाळपर्यंत चालते, आणि अशा स्पर्धांना आमच्या व्यवसायातले लोक नियमाने बसलेले असतात. अडचण अशी, की ते नट शोधायला आलेले असतात. लेखक त्यांना दिसत नाही, कारण तो रंगमंचावर नसतो. म्हणून प्रयोगानंतर तुम्हीच पुढे जाऊन नाव सांगितले पाहिजे. यात कसलाही कमीपणा नाही. भेटायचे ते वाहिनीच्या मोठ्या अधिकाऱ्याला नव्हे, तर चालू कार्यक्रमाच्या मुख्य लेखकाला, कारण तो दर आठवड्याला बुडत असतो आणि त्याला हात देणारा माणूस हवा असतो. पहिली कामे किरकोळ असतील: सूत्रसंचालकाची चार वाक्ये, पाहुण्या कलाकारावरचे दहा विनोद, दुसऱ्याच्या स्किटचा शेवट. ती करा. ज्या दिवशी तुम्ही लिहिलेल्या दहांपैकी तीन वाक्ये चित्रीकरणापर्यंत टिकतील, त्या दिवशी लेखकांच्या खोलीत तुमची खुर्ची झाली असे समजा. एकच पथ्य सांगतो: मोबाइलवर आलेला विनोद कागदावर उतरवायचा नाही. तो तुम्हाला आला त्या सकाळी प्रेक्षकालाही आलेला असतो, आणि त्याला तो तुमच्यापेक्षा जास्त नीट आठवतो.

पैशांविषयी लोक मोघम बोलतात, म्हणून मी जरा स्पष्ट बोलतो. मालिकेत भागागणिक आणि स्किटच्या कार्यक्रमात स्किटगणिक मानधन ठरते. मालिकेत ते कथा, पटकथा आणि संवाद अशा तीन जणांत वाटले जाते. लेखनाची तारीख आणि पैशांची तारीख यांचा एकमेकींशी संबंध नसतो. भाग दाखवला गेल्यावर बिल द्यायचे, आणि त्यानंतर ६० ते ९० दिवसांनी रक्कम येते, तीही १० टक्के टीडीएस कापून. म्हणजे जानेवारीत लिहिलेल्या विनोदाचे वाणसामान मेमध्ये घरी येते. पहिल्या वर्षी ही फट भरायला दुसरे काहीतरी हाताशी असावेच लागते. वर्षाची उलाढाल २० लाखांवर गेली की जीएसटीची नोंदणी करावी लागते. ही अडचण तुम्हाला लवकर येवो.

करारावर सही करण्याआधी तो वाचा, हे वाक्य सगळेच सांगतात. काय वाचायचे ते कोणी सांगत नाही. पैसे कोणत्या टप्प्यावर मिळणार, ते वाचायचे. कारकिर्दीच्या चौथ्या वर्षी मी एका निर्मितीसंस्थेसाठी नव्या विनोदी मालिकेचे आठ भाग लिहिले. वाहिनीने मालिका घेतली नाही, आणि करारात ‘वाहिनीच्या मंजुरीनंतर देय’ असे तीन शब्द असल्यामुळे मला एक रुपयाही मिळाला नाही. चूक त्यांची होती असे मी पुष्कळ दिवस म्हणत असे. कागद मात्र मीच सही केला होता. तेव्हापासून सुरुवातीची रक्कम हातात आल्याशिवाय मी पहिला सीन लिहीत नाही, आणि फेरलेखन किती वेळा करायचे तेही आधी लिहून घेतो. श्रेयनामावलीत नाव कुठे आणि कसे येणार, हे दुसरे वाचायचे. तिसरे हक्कांचे कलम. कायद्याने कल्पनेला संरक्षण नाही, ते लिहिलेल्या मांडणीला आहे. म्हणून ‘तळमजल्यावरचे काका वर्गणी देत नाहीत’ ही ओळ नोंदवून काही होत नाही, संपूर्ण स्किट लिहून नोंदवावे लागते. स्क्रीनरायटर्स असोसिएशनचे सदस्य झालात की संहितेची नोंदणी घरबसल्या करता येते, ती वाचनाआधी करून टाकावी. २०१२ च्या कॉपीराइट दुरुस्तीनंतर चित्रपटगृहाबाहेरच्या वापरातून मिळणाऱ्या रॉयल्टीतला समान वाटा लेखकाला करारानेही सोडून देता येत नाही. कागदावर हे उत्तम आहे. माझ्या खात्यात त्यापोटी आजवर काही जमा झालेले नाही, तरीही ते कलम खोडू देऊ नये.

विनोद कोणावर करायचा, याविषयी दोन शब्द. वाहिनीची एक तुकडी संहिता तपासून कंपन्यांची नावे, राजकीय पुढारी, आडनावे असे सगळे उडवते, आणि नवखे लेखक त्यांच्या नावाने बोटे मोडतात. केबल टेलिव्हिजनच्या नियमांतल्या कार्यक्रम संहितेत भाषिक आणि प्रादेशिक गटांना हिणवणारे, उपरोधाने किंवा तुच्छतेने दाखवणारे चित्रण करू नये असे स्पष्ट म्हटले आहे. मला हे कलम बरीच वर्षे हास्यास्पद वाटत असे, कारण बोलींशिवाय मराठी विनोद उभा राहील कसा? मग मी एका मालिकेत वऱ्हाडी बोलणारा नोकर लिहिला. त्याची भाषा हीच त्याची सगळी गंमत होती. तो ‘कायले’ म्हणाला की हशा. अकोल्याहून एका प्रेक्षकाचे पत्र आले. त्यात शिवी नव्हती, रागही नव्हता. आमच्या भाषेत बोलणारा माणूस तुमच्या मालिकेत एकदा तरी शहाणा असेल का, एवढेच विचारले होते. मी ते भाग पुन्हा पाहिले आणि मला दिसले, की तिथे विनोद लिहिलेलाच नव्हता, नुसता उच्चार लिहिला होता. पुढच्या मालिकेत वऱ्हाडी बोली मी घरातल्या सर्वांत हुशार सुनेला दिली. तीच बोली, तेच शब्द, आणि हशा जास्त आला, कारण आता ती दुसऱ्यांची फजिती करत होती. जाडी, काळा रंग, तोतरेपणा, पुरुषाने नेसलेली साडी, ही सगळी याच कपाटातली भांडी आहेत. वाचनाच्या टेबलावर त्यांना हमखास हशा मिळतो, म्हणूनच ती धोक्याची; ती वापरणाऱ्या लेखकाकडे तिसऱ्या महिन्यात दुसरे काही उरत नाही.

कार्यक्रम बंद होण्याची सवय ठेवा. चांगला चाललेला कार्यक्रम दोन आठवड्यांच्या सूचनेवर संपलेला मी तीनदा अनुभवला आहे, आणि तिन्ही वेळा बातमी चहावाल्याला माझ्या आधी कळलेली होती. मधल्या काळात जाहिरातींची वाक्ये, चित्रपटांचे संवाद, पुरस्कार सोहळे, एखाद्या कंपनीच्या वार्षिक संमेलनाची संहिता अशी कामे घर चालवतात. पुरस्कार सोहळ्याचे लेखन कमी प्रतिष्ठेचे समजले जाते. मला त्यातून एक मोलाची गोष्ट शिकता आली, की समोर बसलेल्या माणसावर त्याच्याच समोर विनोद करायचा आणि त्याने पुढच्या वर्षीही यायला हवे.

राहिला नोकरीचा प्रश्न. आत्ता सोडू नका. एखाद्या चालू कार्यक्रमात सलग सहा महिने तुमचे लेखन लागले, आणि वर्षभराचा घरखर्च बाजूला पडला, की मग विचार करा; आणि लग्न झालेले असेल तर तो विचार एकट्याने करू नका. तोपर्यंत शनिवार-रविवार चित्रीकरणाला येऊन बसता येते, आणि बुधवारचे वाचन व्हिडिओ कॉलवरही होते. शिवाय तुमची नोकरी ही माझ्या दृष्टीने तुमची सर्वांत मोठी मालमत्ता आहे. विम्याच्या दाव्यासाठी खिडकीवर उभा असलेला माणूस, आणि कागद अपुरा आहे हे त्याला चौथ्यांदा सांगणारा आतला माणूस, हे दोघेही आपापल्या हिशेबाने बरोबर असतात. लिफ्टचे काका मला सापडायला तीन खर्डे लागले. तुमच्यासमोर तसे काका रोज रांगेत उभे असतात. त्यांची वाक्ये त्याच दिवशी, त्यांच्याच शब्दक्रमात वहीत उतरवून ठेवा, घरी जाऊन सुधारून नव्हे.

कोणाकडे नमुना पाठवाल तेव्हा तीन स्किट्स पाठवा, प्रत्येकी सात ते आठ मिनिटांची, एका सेटची, चारपेक्षा जास्त पात्रे नसलेली, आणि त्यांपैकी एक तरी फक्त दोन स्त्रियांची असू द्या, कारण त्या स्किटचा तुटवडा प्रत्येक कार्यक्रमात असतो. पारितोषिक मिळालेली एकांकिका पाठवू नका. ४० मिनिटे वाचायला कोणाकडे वेळ नसतो. आणि प्रत्येक संहितेच्या पहिल्या पानावर नाव आणि फोन क्रमांक लिहा. गेल्या वर्षी एका स्पर्धेच्या मध्यंतरात कोणीतरी माझ्या हातात बारा पाने दिली, त्यांतला दुसऱ्या पानावरचा विनोद वाचून मी रिक्षात एकटाच हसलो, आणि त्या पानांवर नाव नसल्यामुळे त्या लेखकाला मी अजून शोधतो आहे.